हानलेची रात्र आणि नागपूरची गच्ची

प्रश्न : गेल्या वर्षी नवतपा (मेअखेरीचे कडक उन्हाचे ९ दिवस) लागण्याआधीच आम्ही नागपूर सोडले आणि लडाखमधील हानले गावात २ दिवस राहिलो. दुपारी उन्हात चेहरा भाजून निघे, पण भिंतीच्या सावलीत गेले की स्वेटर घालावा लागे. रात्री अंगणात राहिलेल्या बादलीत सकाळी बर्फाचा पापुद्रा धरलेला होता. परत आलो तर इथे रात्री १० वाजताही गच्चीचा कठडा गरम लागत होता. उंचावर आपण सूर्याच्या जवळ असतो म्हणून ऊन कडक लागते, असे सोबतचे एक जण म्हणाले. तसे असेल, तर रात्र एवढी गार का?
– एक वाचक, धरमपेठ, नागपूर

उत्तर : सूर्य आपल्यापासून सुमारे १५ कोटी किलोमीटर दूर आहे, त्यामुळे ४ किलोमीटर वर चढल्याने तो जवळ येत नाही. कमी होते ती मधली हवा. नागपूर समुद्रसपाटीपासून सुमारे ३१० मीटरवर आहे; हानलेच्या उंचीवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जवळपास ६० टक्केच भरतो. वातावरणाच्या माथ्यावर, किरणांना काटकोनात धरलेल्या प्रत्येक चौरस मीटरवर सुमारे १,३६० वॅट सौरऊर्जा पोहोचते. खाली येताना हवा, धूळ आणि बाष्प तिच्यातील काही भाग शोषतात आणि काही विखुरतात. हानलेत ही गाळणी पातळ असल्याने ऊन जमिनीवर अधिक येते. अतिनील किरण तर दर हजार मीटरमागे साधारण १० ते १२ टक्क्यांनी वाढतात, म्हणून गार हवेतही चेहरा भाजतो.

सावलीचे कोडेही इथेच सुटते. मे महिन्यात नागपुरात सावलीत उभे राहिले तरी पांढुरक्या, धुळकट आकाशातून विखुरलेला प्रकाश अंगावर येतो, डांबर आणि भिंती आपली उष्णता फेकत असतात आणि भोवतालची हवाही तापलेली असते. हानलेचे आकाश गडद निळे, म्हणजे विखुरलेला प्रकाश कमी; शिवाय तिथली हवा थंड आणि विरळ असते. म्हणून सूर्याकडचा गाल तापतो आणि दुसरा गारठतो. वेधशाळा जे तापमान सांगते, ते पांढऱ्या, झडपांच्या पेटीतील हवेचे असते. उन्हात पडलेल्या दगडाचे नव्हे, आणि आपल्या गालाचेही नव्हे. उंचावरच्या ठिकाणी या दोहोंतील अंतर फार मोठे असते.

आपल्या प्रश्नाचा खरा गाभा रात्रीत आहे. प्रत्येक पृष्ठभाग, मग तो बर्फाचा का असेना, डोळ्यांना न दिसणारी उष्णता रात्रंदिवस वर फेकत असतो. शून्य अंशावरची जमीनही दर चौरस मीटरमागे सुमारे ३१५ वॅट बाहेर टाकते. या ऊर्जेचा बराच भाग बाष्प, ढग आणि कर्बवायू शोषून घेतात आणि त्यातील पुष्कळसा पुन्हा खाली पाठवतात. आकाशाने पांघरलेली ही गोधडीच म्हणायची. ‘मे महिन्यात नागपूरची हवाही कोरडीच असते, म्हणून तर कूलर चालतात,’ अशी शंका येणे साहजिक आहे. पण ते कोरडेपण सापेक्ष आहे. ४५ अंशांच्या हवेत आर्द्रता २० टक्के असली, तरी तिच्यातील बाष्प ५ अंशांच्या, ४० टक्के आर्द्रतेच्या हवेतील बाष्पाच्या जवळजवळ पाचपट असते. हानलेची गोधडी अशी विरलेली असल्याने जमिनीची उष्णता सरळ अवकाशात निघून जाते. आपल्या गच्चीच्या बाबतीत गोधडी जाड आहेच, शिवाय दिवसभर तापलेले सिमेंट काँक्रीट साठवलेली उष्णता मध्यरात्रीपर्यंत सोडत राहते. पाणी शिंपडून गच्ची निवते ती बाष्पीभवनाने. तो वेगळा मार्ग झाला.

किरणांचा आणि तापमानाचा दिनक्रम एकच नसतो, हेही लक्षात घ्यावे. ऊन माध्यान्हीला सर्वांत तीव्र असते, हवा मात्र २-३ तासांनी सर्वाधिक तापते. सर्वांत थंड वेळ मध्यरात्रीची नसून सूर्योदयाच्या सुमाराची असते. संध्याकाळी सूर्य मावळण्यापूर्वीच जमिनीचा खर्च जमेपेक्षा वाढू लागतो. दरीतील गावात तर सूर्य डोंगराआड गेला की लगेच गारठा पडतो.

बाष्पाची ही टंचाईच खगोलशास्त्रज्ञांना तिथे घेऊन गेली. हानलेलगतच्या डोंगरावर, सुमारे ४,५०० मीटरवर, २ मीटर व्यासाची हिमालय चंद्र दुर्बीण आहे. बाष्प कमी असल्याने अवरक्त किरण, म्हणजे डोळ्यांना न दिसणारे उष्णतेचे किरण, तिच्यापर्यंत पोहोचतात. आपल्या बादलीतील पापुद्र्याचे आणि त्या दुर्बिणीच्या जागेचे कारण एकच आहे.

प्रश्न : नागपुरात सूर्य वर्षातून २ वेळा डोक्यावर येतो. मग मे तापतो, तसा जुलै का तापत नाही? लडाखमध्येही असेच होते का?
– एक विद्यार्थिनी, नागपूर

उत्तर : पहिल्यांदा २६ मेच्या आसपास, नवतप्यातच, आणि दुसऱ्यांदा जुलैच्या मध्यास सूर्य नागपूरच्या माथ्यावर येतो. दुसऱ्या वेळी ढग ऊन अडवतात, आणि जे खाली येते त्यातील मोठा वाटा ओल्या मातीतील पाण्याची वाफ करण्यात खर्ची पडतो. म्हणून नागपूरच्या उष्णतेचे शिखर मे महिन्यात येते.

लडाखमध्ये पावसाचे ढग हिमालयाच्या रांगांपलीकडे क्वचितच पोहोचतात. तिथे ऊन जूनमध्ये कमाल पातळी गाठते आणि तापमान त्यामागून, जुलै-ऑगस्टमध्ये. जूनमध्ये दिवस नागपूरपेक्षा मोठा असल्याने वातावरणाच्या माथ्यावर दिवसभराची सौरऊर्जा तिथे नागपूरपेक्षाही थोडी जास्तच मिळते. डिसेंबरात मात्र पारडे फिरते : २२ डिसेंबरला माध्यान्हीचा सूर्य नागपुरात क्षितिजापासून सुमारे ४५ अंश वर असतो, हानलेत जेमतेम ३४ अंश. त्यात जमिनीवर ताजे बर्फ असेल, तर ते आलेल्या उन्हाचा ८० ते ९० टक्के भाग परतवून लावते. विदर्भाची काळी माती मात्र त्यातले बहुतेक ऊन पिऊन टाकते.