कायद्यातला तीन, फायद्यातला दोन

दुबईत नोकरीला असलेल्या भाच्याला सहकाऱ्यांचे मेसेज येतात: ‘७अबीबी’, ‘सबा७ अल ५एर’, ‘३ला रासी’. लिपी इंग्रजी, मध्येच आकडे. हे काय गौडबंगाल आहे, असं एका वाचकाने विचारलं आहे.

आधी भाच्याला सांगा, ‘सेव्हन-अबीबी’ म्हणू नकोस. हे ऐकून ऐकून कान किटले. तो आकडा नाही, अक्षर आहे. हबीबी सगळ्यांना माहीत आहे, सबाह अल-खैर म्हणजे सुप्रभात, पुढे चला.

या लिखाणाला अरबीझी म्हणतात, इजिप्तमध्ये फ्रँको. सुरुवातीच्या मोबाइल-चॅटच्या काळात अरबी कळफलक सहज मिळत नसे. मग इंग्रजी लिपीत न मावणाऱ्या उच्चारांना आकडे लावले, तेही आकार बघून. इंग्रजी तीन आरशात धरा, अरबी ‘ऐन’ दिसेल, म्हणजे घशातून काढायच्या एका व्यंजनाचं अक्षर. इंग्रजी सात म्हणजे घशातून घासून काढलेला ‘ह’. (देवनागरी ७ कडे बघून डोकं खाजवू नका.) दोन म्हणजे हमझा, स्वर तोडणारा झटका. पाचाचं मात्र आकाराशी काही देणंघेणं नाही: अरबीत पाचाला ‘खम्सा’ म्हणतात, म्हणून पाच म्हणजे ‘ख’!

काही विद्वान यात अब्जदची, म्हणजे प्रत्येक अरबी अक्षराला एक आकडा देणाऱ्या जुन्या पद्धतीची, अक्षरमूल्यं शोधतात. शोधोत बापडे. अब्जदमध्ये तो घशातला ‘ह’ ८, ऐन ७० आणि ‘ख’ तर ६०० आहे. एकही जुळत नाही.

खरी गंमत आपल्या घरात आहे. ‘कायदा’ आणि ‘फायदा’ ही आपली यमकाची जोडी. पण मूळ अरबी शब्द अरबीझीत लिहा: ‘का३इदा’ आणि ‘फा२इदा’. एकात ऐन, दुसऱ्यात हमझा. अरबी कानाला हे दोन निराळे व्यंजन. आपल्याकडे दोन्ही गळाले, ‘आ’ आणि ‘इ’ समोरासमोर आले आणि मध्ये ‘य’ येऊन बसला.

यावर ‘मराठीने अरबी शब्द बिघडवले’ असा शेरा हमखास येतो. तो मला अजिबात मान्य नाही. हे शब्द आपल्याकडे आले ते फारसीच्या तोंडून, आणि ऐनचा तो घशातला उच्चार फारसीनेच आधी सोडला होता. शिवाय ऐन जाताना जागा सोडून गेला आहे. ‘म३लूम’चं मालूम झालं, ‘त३लीम’चं तालीम. आधीचा ऱ्हस्व स्वर लांबला तो उगाच नाही. अरबीत तालीम म्हणजे शिक्षण. कोल्हापूरच्या तालमीत लाल माती अंगाला फासणारा पैलवान त्या अर्थाने विद्यार्थीच.

हां, ‘३ला रासी’ राहिलं. शब्दशः ‘माझ्या डोक्यावर’. आपलं ‘शिरसावंद्य’ याच जातीचं. साहेबाने काम सांगितलं की भाच्याने खुशाल लिहावं.