आधी बाईंना दाखव

पोरी,

त्या वीरपत्नी बाईंवरच्या तुझ्या फिल्मबद्दलचा रात्रीचा सात मिनिटांचा व्हॉइस मेसेज ऐकला. सरपंच म्हणतात, 'ते दिराशी लग्न लावल्याचं काढा, शहिदाच्या घराची शोभा जाते.' तुझे सर म्हणतात, 'ठेव, तीच तर खरी गोष्ट.' आणि आता तुला माझं मत हवंय. अगं, आम्ही तिघं कोण? बाईंना विचारलंस?

त्या जे सांगतायत ते घरातलं उणंदुणं नाही. त्या काळी नियमच असा होता, की वीरपत्नीने दिराशी लग्न केलं तर पेन्शन पूर्ण चालू, बाहेर कुणाशी केलं तर कात्री. तो नियम कळल्याशिवाय त्यांच्या घरात काय ठरलं, का ठरलं, ते कळायचं नाही. माझं मत विचारशील तर ठेव. पण माझं मत विचारूच नकोस. आधी बाईंना दाखव.

कारगिलनंतर सगळ्यांनाच शहिदांवर फिल्म हवी होती, तेव्हा मीही एक केली. खटाव तालुक्यातल्या आजी, नवरा ७१ च्या युद्धात गेलेला. तेव्हा शवपेटी घरी येत नसे, तार यायची. आजी दोन तास बोलल्या, त्यातला दीड तास पेन्शनसाठी साताऱ्याला घातलेल्या खेपांवर. पलटणीच्या कागदावर त्यांचं माहेरचं नाव आणि रेशनकार्डावर सासरचं. दुधाच्या पिशवीत जपलेली एसटीची तिकिटं त्यांनी माझ्यापुढे गोधडीवर ओळीने मांडली. मी ठेवलं काय, तर तार आल्याची चाळीस सेकंदं.

वीस मिनिटांची मर्यादा होती, आणि पैसे देणाऱ्यांना वीरपत्नी हवी होती, कारकुनाशी भांडणारी बाई नको होती. हे मी तेव्हाही सांगायचो, आजही सांगतो, आणि ते खोटं नाही. पण त्याच युद्धात आताच्या बांगलादेशातल्या जमालपूरहून निसटू पाहणारी पाकिस्तानी फौज १ मराठा पलटणीने १० डिसेंबरच्या रात्री कशी अडवली, त्याला मी नकाशासकट चार मिनिटं दिली होती. तिथे मर्यादा आडवी आली नाही.

शाळेच्या हॉलमध्ये दाखवली. टाळ्या झाल्या. आजी पुढच्याच रांगेत होत्या. म्हणाल्या, "चांगलं झालं बाबा. आन् माझ्या खेपा?"

गावोगावच्या पहिल्या महायुद्धाच्या दगडी पाट्या बघ. इतके गेले, इतके मेले. सातारा जिल्ह्यातल्या अपशिंग्याचे तर ४६ मेले. त्यांच्या मागे राहिलेल्यांना कुणी विचारलंच नाही. तुझ्या बाई अजून आहेत, आणि तू सरपंचांना विचारत बसलीयस!

लॅपटॉप घेऊन जा. सरपंच नकोत, सून-मुलगाही सोबत नकोत. तो भाग पूर्ण लाव, मध्ये बोलू नकोस. 'काढ' म्हणाल्या तर काढ, तुझ्या सरांना वाईट वाटू दे. 'ठेव' म्हणाल्या तर आठ दिवसांनी पुन्हा जाऊन विचार, कारण पहिल्यांदा माणूस पाहुण्याचं मन राखतो. तरीही 'ठेव'च म्हणाल्या आणि सरपंचांनी हॉल दिला नाही, तर बाईंच्याच अंगणात पडदा लाव. प्रोजेक्टर माझा ने. दिवा नवा टाकलाय, फक्त वायर लांब लागेल.

— काका