वाचकांचे प्रश्न : नायकामागचा तो मिशीवाला

प्रश्न : केमाल सुनाल यांचे सत्तरच्या दशकातील तुर्की विनोदी चित्रपट मी सबटायटल्सच्या आधारे पाहतो. त्यांत कधी व्यायामशिक्षक, कधी पालिकेचा अधिकारी, तर कधी जमीनदार झालेला एक मिशीवाला नट वारंवार दिसतो. तो कोण आणि पुढे त्याचे काय झाले?

उत्तर : आपण वर्णन केलेले नट शेनेर शेन होत. त्यांचा जन्म १९४१ मध्ये अदाना येथे झाला. वडील अली शेन हेही चित्रपटांत दुय्यम भूमिका करणारे नट. पण मुलाने आधी खेड्यातल्या शाळेत मास्तरकी केली, मग इस्तंबूलच्या नगर रंगभूमीवर उमेदवारी केली आणि त्यानंतरच दिग्दर्शक-निर्माते एर्तेम एइल्मेझ यांच्या आर्झू फिल्म या संस्थेच्या ठरलेल्या नटसंचात त्यांचा जम बसला.

आपण सांगितलेल्या तिन्ही भूमिका वरवर निराळ्या असल्या, तरी मुळात त्या हाती थोडीशी सत्ता आलेल्या माणसाच्या आहेत. ‘चोप्चुलेर क्राली’मध्ये सुनाल रस्ता झाडणारा कामगार आहेत आणि शेन त्याच्यावर रुबाब करणारे पालिकेचे अधिकारी, या भूमिकेसाठी त्यांना १९७८ मध्ये अंताल्या शहरातील चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. ‘किबार फेय्झो’तील माहो आगा (आगा म्हणजे जमीनदार) तर अख्खे गाव मुठीत ठेवतो. शेन अशा माणसाला निव्वळ खलनायक करत नाहीत. त्याचा रुबाब उसना आहे हे प्रेक्षकाला आधी कळते, त्याला स्वतःला मात्र शेवटपर्यंत उमगत नाही, आणि हसू येते ते त्यामुळेच.

ऐंशीच्या दशकात ते नायक झाले, तेव्हा दिग्दर्शकांनी नेमकी हीच बाजू उलटवली. ‘नामुस्लू’मध्ये (१९८४) कचेरीची रोकड नेताना लुटला गेलेला एक प्रामाणिक कारकून आहे, पैसे त्यानेच लांबवले असा सर्वांचा समज होतो आणि, गंमत पाहा, त्यामुळेच त्याचा मान वाढतो. ‘झुगुर्त आगा’ (१९८५) हा माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीचा कळस होय. गाव हातचे गेलेला जमीनदार इस्तंबूलच्या रस्त्यावर टोमॅटो विकायला निघतो, पण आयुष्यभर हुकूम सोडलेल्या त्या गळ्यातून साधी आरोळीसुद्धा धड निघत नाही. त्या दृश्यात शेन कीव मागत नाहीत; ते फक्त अवघडतात.

या चित्रपटाचे लेखक यावुझ तुर्गुल यांच्याच दिग्दर्शनाखाली पुढे ‘मुहसिन बे’ (१९८७) आणि ‘एश्किया’ (१९९६) आले. दुसऱ्यात शेन पस्तीस वर्षांचा तुरुंगवास संपवून धरणाच्या पाण्यात बुडालेल्या आपल्या गावी परतणारा दरोडेखोर झाले. तुर्की चित्रपटांकडे पाठ फिरवलेला प्रेक्षक त्या वर्षी पुन्हा चित्रगृहात आला, याचे बरेचसे श्रेय या चित्रपटाला दिले जाते.

आपण ‘किबार फेय्झो’ पाहिला नसल्यास आधी तो पाहावा आणि लगेच ‘झुगुर्त आगा’ लावावा. मध्ये फार दिवस जाऊ देऊ नयेत.