‘वर्णवाद’ नको, ‘कवडसेकरी’ म्हणा

नागपुरातच राहणाऱ्या, सध्या कादंबरी लिहीत असलेल्या एका बाईंचा प्रश्न आहे: “माझ्या कादंबरीतल्या काल्पनिक प्रदेशात तत्त्वज्ञानाची एक जुनी परंपरा आहे. रंग वस्तूत नसतो, उजेड तो वस्तूला थोड्या वेळापुरता देतो, असं ही माणसं मानतात. अंधाऱ्या खोलीत बसून छपरातून आत येणारा उजेड दिवसभर पाहत राहणं ही त्यांची साधना. या परंपरेला ‘वर्णवाद’ म्हणू की ‘प्रकाशदर्शन’? आणि ती मानणाऱ्यांना काय म्हणू?”

‘वर्णवाद’ आधी बाजूला ठेवा. संस्कृतात ‘वर्ण’ म्हणजे रंग हे खरं, आणि शाळेच्या पुस्तकातल्या ‘वर्णपंक्ती’त तो अर्थ अजून टिकून आहे. वर्णमालेत त्याच शब्दाचा अर्थ अक्षर होतो. पण ‘वर्णवाद’ असा जोडशब्द कानावर पडला की मराठी माणसाला रंग आठवत नाही, चातुर्वर्ण्य आठवतं. तुम्ही तर ज्या शहरात बसून लिहिता आहात तिथे १४ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी लाखोंसह बौद्ध धम्माची दीक्षा घेतली. दीक्षाभूमीवर दर विजयादशमीला लोटणारी गर्दी तुम्ही पाहिली असेलच. या गावातल्या वाचकाला ‘वर्णवादी’ ही शिवी वाटेल, आणि ते योग्यच आहे. तळटीप देऊन हा अर्थ पुसता येणार नाही. तसा प्रयत्नही करू नये.

दुसरं कारण व्युत्पत्तीचं आहे. ‘वर्ण’ हा शब्द ‘वृ’ म्हणजे झाकणे, वेढणे या धातूशी जोडतात. म्हणजे रंग हे वस्तूवरचं आवरण. तुमच्या लोकांचं म्हणणं नेमकं उलट: रंगाने वस्तू झाकली जात नाही, उघडी होते. त्यांच्या परंपरेचं नावच त्यांच्या विरोधात साक्ष देईल.

मग ‘रंग’ घ्यावा का? हा शब्द मला फार प्रिय आहे, म्हणून जरा थांबतो. ‘रञ्ज्’ या धातूपासून ‘रंग’ आला आणि त्याच घरातून राग, अनुराग, रक्त, रंजन हेही आले. मराठीत गप्पा रंगतात, मैफल रंगते, माणूस भजनात रंगतो. आता ‘विरक्त’ पाहा. मुळात अर्थ ‘रंग उडालेला’. आपल्या बहुतेक परंपरांत साधकाने विरक्त व्हायचं असतं, चढलेला रंग उतरवायचा असतो. तुमच्या परंपरेत रंग हे उजेडाचं दान असेल, तर तिथे ‘विरक्त’ हा गौरव राहणार नाही, तो दोष ठरेल. एखादा वृद्ध गुरू शिष्याला दुःखाने म्हणतो, “तू विरक्त झालास.” एवढ्या एका वाक्यात तुमचं अख्खं तत्त्वज्ञान वाचकापर्यंत पोहोचेल. मात्र नाव म्हणून ‘रंगवाद’ मला पातळ वाटतो. चित्रकलेतली एखादी शैली असावी तसा तो ऐकू येतो.

न्यायशास्त्रात, म्हणजे तर्काच्या जुन्या शास्त्रात, रंगाला शब्द आहे ‘रूप’. अन्नंभट्टाच्या ‘तर्कसंग्रह’ या त्यातल्या ग्रंथात रूप म्हणजे केवळ डोळ्यांनीच कळणारा गुण, आणि त्याचे प्रकार सात: शुक्ल, नील, पीत, रक्त, हरित, कपिश आणि चित्र, म्हणजे बहुरंगी. पाण्याचं रूप पांढरं पण न चमकणारं, तेजाचं पांढरं आणि चमकणारं, म्हणजे ‘भास्वर’. मराठीत ‘रूप’चा अर्थ चेहरामोहरा, देखणेपण असा सरकला आहे, त्यामुळे नावासाठी तो उपयोगाचा नाही. पण वाद रंगवायचा असेल तर नैयायिकासारखा, म्हणजे न्यायशास्त्र मानणाऱ्यासारखा, प्रतिपक्ष तुम्हाला शोधून सापडणार नाही. त्याच्या मते रंग द्रव्यातच राहतो, आणि कच्चं काळं मडकं भट्टीत लाल होतं ते अग्नीच्या संयोगाने. तुमचा माणूस विचारेल, मग रात्री ते लाल कुठे जातं? अंधाराबद्दलही खरीखुरी भांडणं झालेली आहेत. भाट्ट मीमांसक, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ लावणारे कुमारिल भट्टाचे अनुयायी, म्हणतात अंधार हे वेगळं द्रव्य, कारण तो काळा दिसतो आणि सरकतो. नैयायिक म्हणतात, छे, तो नुसता तेजाचा अभाव.

‘प्रकाशदर्शन’ चुकीचं नाही. ‘दर्शन’ हा शब्दच ‘दृश्’वरून, पाहण्यावरून आलेला, तेव्हा विषयाशी जुळतो. पण प्रकाश, स्वयंप्रकाश हे शब्द वेदान्ताने आणि काश्मीरच्या शैवांनी इतके वापरले आहेत की वाचकाला तिथे लगेच चैतन्य, आत्मा ऐकू येतो. तुमच्या लोकांना डोळ्यांना दिसणारा साधा उजेड हवा आहे.

नागपुरात साधा उजेड म्हटलं की ऊन. आणि ‘ऊन’ हा शब्द आला ‘उष्ण’वरून, म्हणजे त्यात मुळात प्रकाश नाहीच, ताप आहे. आपल्याकडची ‘तपन’ही तशीच. “तपनीत नको फिरू” म्हणणारी आजी उजेडाबद्दल बोलत नसते. नवतप्यात, म्हणजे उन्हाळ्यातल्या त्या नऊ कडक दिवसांत, दुपारी सीताबर्डीवरून चालत गेलेल्याला हे समजावून सांगावं लागत नाही. म्हणून ‘ऊन’ही सोडून द्या.

माझा कौल ‘कवडसा’ला. छपराचं कवेलू जरा सरकलं की जमिनीवर पडणारा तो उजेडाचा तुकडा. नागपूरच्या महाल भागातल्या जुन्या घरांत वाढलेल्यांना तो माहीत आहे: सकाळी भिंतीवर, दुपारी जमिनीवर, आणि त्याच्या वाटेत नाचणारी धूळ. तुमच्या साधकांची साधना तुम्ही सांगितलीत ती अक्षरशः हीच आहे. संस्कृत नाव नसलं तर तत्त्वज्ञान हलकं वाटेल, अशी भीती बाळगू नका. विदर्भात तरी नकोच. रिद्धपूरच्या महानुभावांनी तेराव्या शतकात आपलं तत्त्वज्ञान मराठीत मांडलं, आणि संस्कृतात प्रश्न विचारणाऱ्या पंडिताला त्यांच्या पंथाचे प्रमुख असलेल्या नागदेवाचार्यांनी मराठीतच विचारायला सांगितलं.

‘वाद’ लावू नका. बोलीत वाद म्हणजे भांडण. ग्रंथात उल्लेख करायचा तर ‘कवडसामत’, लोकांच्या तोंडी ‘कवडसेपंथ’. अनुयायांसाठी ‘-वादी’पेक्षा ‘-करी’ बरा, कारण वारकरी, माळकरी, टाळकरी यांत माणूस काय मानतो याआधी तो काय करतो ते कळतं. ‘पहारा’चा ‘पहारेकरी’ होतो, तसा ‘कवडसा’चा ‘कवडसेकरी’. दिवसभर बसून पाहणारा आहे, तेव्हा पहारेकऱ्याशी त्याचं नातं शोभतंही. लिहिताना सामान्यरूप ‘कवडसेकऱ्यांनी’, ‘कवडसेकऱ्याला’ असं करा. ‘कवडसेकर्यांनी’ असं छापून येऊ देऊ नका.