चाकं लंबगोल का दिसतात?

प्रश्न : जुन्या पीएसपीवर (सोनीच्या हातात धरून खेळायच्या यंत्रावर) प्लेस्टेशन १ चे गेम खेळतो. गाड्यांची चाकं लंबगोल दिसतात. शिवाय प्लेस्टेशनच्या कंट्रोलरवरची एल२, आर२ ही बटणं या यंत्रावर नाहीतच. काय करू?

उत्तर : चित्र ताणलं गेलंय, एवढंच. ते गेम ४:३ चौकटीच्या (रुंदी चार तर उंची तीन) टीव्हीसाठी बनले. पीएसपीचा पडदा ४८० बाय २७२ पिक्सेलचा, आडवा. होम दाबा, सेटिंग्जमधल्या स्क्रीन मोडमध्ये ‘नॉर्मल’ निवडा. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतील, येऊ देत. मी तर ‘ओरिजिनल’वरच, म्हणजे चित्राच्या मूळ आकारातच खेळतो. चित्र बारकं, पण रेघ न् रेघ स्वच्छ. एल२-आर२ची कामं कंट्रोलर सेटिंग्जमधून दुसरीकडे लावता येतात. ॲनालॉगवर (अंगठ्याने सरकवायच्या गोल खुंटीवर) लावलीत तर मात्र घाईत अंगठा हमखास चुकतो. माझी गाडी ऐन वळणावर कितीदा भिंतीत घुसली आहे!