लेसिकनंतर झोपताना डोळे कसे जपायचे? पालथं झोपायची सवय आहे, शेजारी लहान मूल झोपतं.

तुम्ही लिहिलंय की येत्या शनिवारी दोन्ही डोळ्यांचं लेसिक (चष्म्याचा नंबर घालवायची लेसर शस्त्रक्रिया) आहे, भांडुपला वन रूम किचनमध्ये राहता, लहानपणापासून पालथं झोपायची सवय आहे, शेजारी तीन वर्षांचा मुलगा झोपतो, आणि आठवड्याभरात सीएसएमटीची लोकल पकडायची आहे. झोपेत फ्लॅप सरकेल का, ही तुमची मुख्य भीती. भीती रास्त आहे, पण तिचा रोख चुकलाय. तुमचं सगळं लक्ष उशीवर आहे. खरा धोका अर्धवट झोपेत डोळा चोळायला जाणाऱ्या तुमच्याच हाताचा आहे.

कॉर्निया, म्हणजे डोळ्याचा पुढचा पारदर्शक पडदा, मध्यभागी साधारण अर्धा मिलिमीटर जाड असतो. लेसिकमध्ये त्याचा वरचा १०० ते १२० मायक्रॉनचा पापुद्रा (हाच फ्लॅप) एका कडेला बिजागरीसारखा जोडलेला ठेवून उचलतात, खाली लेसर मारतात आणि पापुद्रा परत जागेवर बसवतात. टाका नाही, गोंद नाही. कडेवरची वरची त्वचा साधारण एका दिवसात सांधते, पण आतले थर पुढे कितीतरी काळ पूर्वीइतके घट्ट धरत नाहीत. म्हणून पहिली रात्र सगळ्यात नाजूक आणि पहिला आठवडा जपायचा. सरळ दाबापेक्षा आडवं घासणं जास्त वाईट, कारण पापुद्रा सरकतो तो बाजूने लागलेल्या जोरामुळे. चोळताना नेमका तोच जोर लागतो.

तुमच्या फाइलवर 'पीआरके' किंवा 'स्माइल' लिहिलेलं नाही ना, हे एकदा बघून घ्या. त्या नंबर घालवायच्या वेगळ्या लेसर पद्धती आहेत. पीआरकेमध्ये फ्लॅप नसतो. वरची त्वचा काढून बँडेज लेन्स बसवतात. दुखणं दोन-तीन दिवस जास्त असतं आणि ती लेन्स आपण काढायची नसते. स्माइलमध्ये फक्त दोन ते चार मिलिमीटरची चीर असते. झोपेचे नियम जवळपास तेच, दिवसांचा हिशेब मात्र वेगळा.

शनिवारची दुपार अशी आखा. निघण्याआधी पोटभर जेवा. बधिर करणाऱ्या थेंबांचा असर अर्ध्या-एक तासात उतरतो आणि मग चार ते सहा तास डोळे चुरचुरतात, पाणी वाहतं, उजेड सोसत नाही. हा काळ झोपेत गेलेला सगळ्यात बरा. घरी येताना काचा बंद केलेली टॅक्सी करा. रिक्षाचा वारा आणि मेट्रोच्या कामांची धूळ त्या दिवशी तरी नको. घरी आल्यावर सांगितलेले थेंब घाला, शील्ड (डोळ्यावर बसवायची प्लास्टिकची वाटी) लावा आणि तीन-चार तास पडून राहा. दुखण्यासाठी लिहून दिलेली गोळी घ्या. बधिर करणारे थेंब मात्र कुठून मिळाले तरी घरी वापरू नका. ते वारंवार घातले तर जखम भरायची थांबते आणि कॉर्निया विरघळायला लागतो. झोपेची गोळी मनाने घेऊ नका, आणि 'याने झोप चांगली लागते' म्हणून सर्दीची गोळीही घेऊ नका. सेटिरिझिनसारख्या गोळ्या डोळे आणखी कोरडे करतात.

आता शील्ड. बरेच जण ते लावतात, पण चुकीचं लावतात. भोकं असलेली पारदर्शक प्लास्टिकची वाटी मिळते. तिची कड वर भुवईच्या हाडावर, खाली गालाच्या हाडावर आणि आत नाकाच्या कडेला टेकली पाहिजे. मधला भाग पापणीला अजिबात लागता कामा नये. लावल्यावर आरशात बाजूने बघा. पापण्यांचे केस प्लास्टिकला घासत असतील तर वाटी लहान आहे किंवा खाली सरकली आहे. खाली कापसाची घडी घालू नका, कारण मग वाटीच डोळा दाबते. मायक्रोपोर टेपच्या एक इंच रुंदीच्या, वीतभर लांब दोन पट्ट्या कापा आणि कपाळाच्या मधून गालाच्या बाहेरच्या बाजूकडे तिरक्या लावा. मुंबईच्या घामात टेप सुटते ती मध्यरात्रीच, म्हणून आधी कपाळ आणि गाल कोरड्या रुमालाने पुसा आणि तिथे तेल किंवा क्रीम लावू नका. दाढी असेल तर टेप जिथे चिकटवायची तेवढीच जागा शुक्रवारी करून घ्या. सकाळी वाटी साबणाने धुऊन पूर्ण वाळू द्या. ओली वाटी बंद डबीत ठेवली तर ती जंतूंचं घर होते. किती रात्री लावायची? सर्जन जितक्या सांगतील तितक्या. साधारण एक आठवडा सांगतात. तुमच्या घरात लहान मूल आहे, त्यामुळे दोन-चार रात्री जास्त लावल्या तर काही बिघडत नाही.

पालथं झोपायची सवय एका रात्रीत मोडत नाही, म्हणून तिला अडवायचं. डोक्याखाली दोन उशा घेऊन मान थोडी उंच ठेवा, गुडघ्याखाली एक उशी घाला आणि दोन्ही कुशींना चादरीच्या घट्ट गुंडाळ्या बरगड्यांपासून मांडीपर्यंत ठेवा. कूस बदलायला गेलात की गुंडाळी आडवी येते आणि शरीर परत उताणं पडतं. याचा सराव आजपासूनच करा. शनिवारी डोळे चुरचुरत असताना हे शिकायला जाल तर रात्रभर झोप लागणार नाही. त्यातूनही कुशीवर वळलात तर घाबरू नका, शील्ड हाडावर टेकलेलं असेल तर ते भार घेतं. पालथं मात्र नकोच, कारण त्यात उशीवर चेहरा घासला जातो आणि शील्डसुद्धा निघून येतं.

तुमच्या घरात गाद्या ओळीने पडत असतील, तर दहा दिवस तुम्ही भिंतीकडेला झोपा, मधे बायको, पलीकडे मुलगा. झोपेत मुलाचा हात किंवा टाच कुठे बसेल याचा नेम नसतो. दिवसाही तो अंगावर उडी मारेल, तेव्हा घरात बिननंबरचा चष्मा घालून ठेवा. लहान मुलाचं नख कागदासारखं कापतं.

पंख्याबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, पण मला तो झोपण्याच्या स्थितीइतकाच महत्त्वाचा वाटतो. फ्लॅप करताना कॉर्नियाच्या नसा कापल्या जातात. त्यामुळे डोळ्याला आपण कोरडे आहोत हेच नीट कळत नाही, पापणी कमी लवते आणि अश्रू कमी येतात. हे सुधारायला बहुतेकांना तीन ते सहा महिने लागतात, काहींना वर्ष. झोपेत अश्रू तसेही कमी होतात. त्यात छताचा पंखा थेट तोंडावर असेल तर पहाटेपर्यंत पापणीच्या आतली बाजू कॉर्नियाला चिकटल्यासारखी होते. पंखा बंद करा, असं मुंबईत कोणाला सांगता येत नाही. गादी अशी फिरवा की झोत पायांवर येईल, आणि रेग्युलेटर एक-दोन आकडे खाली आणा. एसी असेल तर त्याची पाती वर करा. आणखी एक गोष्ट शनिवारच्या आधीच तपासा. तुम्ही गाढ झोपलेले असताना पापण्यांमध्ये फट राहते का, हे बायकोला बघायला सांगा. राहत असेल तर तसं सर्जनना सांगा. रात्रीसाठी ते दाट जेल देतील. जेल सगळ्या थेंबांच्या शेवटी घालायचं. त्यानंतर धुरकट दिसतं, म्हणून मोबाइल बाजूला ठेवून, दिवा मालवायच्या आधी घाला.

सकाळी जाग आली की डोळे खाडकन उघडू नका. पापण्या मिटलेल्याच ठेवून बुबुळं हळू डावीकडे-उजवीकडे चार-पाच वेळा फिरवा, मग सावकाश उघडा आणि लगेच कृत्रिम अश्रूंचा थेंब घाला. कुपी हाताला लागेल अशी उशाशी ठेवा. चिपडं आली असतील तर उकळून गार केलेल्या पाण्यात निर्जंतुक गॉज बुडवून घट्ट पिळा, पापण्यांच्या केसांवरूनच पुसा आणि दर वेळी नवा तुकडा घ्या. पापणीवर दाब नको.

थेंबांचं थोडक्यात सांगतो. सहसा अँटिबायोटिक, स्टिरॉइड आणि कृत्रिम अश्रू असे तीन प्रकार असतात. दोन थेंबांमध्ये पाच ते दहा मिनिटं जाऊ द्या, नाहीतर दुसरा पहिल्याला वाहून नेतो. दुधाळ दिसणारं स्टिरॉइड चांगलं हलवून घ्या. खालची पापणी गालाच्या हाडावर बोट ठेवून खाली ओढा, वरच्या पापणीला हात लावू नका. एकेरी वापराच्या कुप्या उघडल्या की त्याच दिवशी टाकून द्या. आणि बरं वाटतंय म्हणून स्टिरॉइड मनाने पुढे चालू ठेवू नका, डोळ्याचा दाब वाढतो आणि तो वाढलेला कळत नाही.

आठवडाभर अंघोळ गळ्याखालून. डोकं धुवायचंच असेल तर पार्लरमध्ये करतात तसं मान मागे टाकून, दुसऱ्याच्या हाताने. टाकीत साठवलेल्या पाण्यात अकँथामीबासारखे सूक्ष्म जीव असू शकतात, आणि त्यांचा कॉर्नियातला संसर्ग हटवणं फार अवघड असतं. म्हणून पोहणं आणि समुद्र महिनाभर नको. रंग, गुलाल आणि काजळही तितकेच दिवस लांब.

लोकलचं म्हणाल तर पहिला आठवडा गर्दीची वेळ टाळाच. नऊच्या फास्टमध्ये कोपर नेमकं चेहऱ्याच्या उंचीवर येतं. जावंच लागलं तर बाजूंनीही झाकणारा पारदर्शक गॉगल घाला, आत जाऊन उभे राहा आणि दारात वाऱ्याला तोंड देऊ नका. उन्हात यूव्ही ४०० चा (अतिनील किरण अडवणारा) गॉगल.

शेवटी, तुमचा खरा प्रश्न: रात्री तीनला जाग आली आणि शील्ड उशीखाली सापडलं, किंवा मुलाचा हात बसला, तर? आधी चोळू नका, पाणी मारू नका. यासाठी रविवारी सकाळीच एक काम करून ठेवा. गादीवर एका ठराविक जागी बसून, एकेक डोळा तळहाताने अलगद, न दाबता झाकून, भिंतीवरच्या कालनिर्णयवरचं किती बारीक वाचता येतं ते बघा आणि लिहून ठेवा. रात्री शंका आली की कृत्रिम अश्रूंचा एक थेंब घाला, दहा मिनिटं थांबा आणि तिथूनच तेच वाचून बघा. दिव्याभोवती वलय दिसणं, नजर कमी-जास्त होणं, पांढऱ्या भागावर लाल डाग असणं, हे पहिल्या काही आठवड्यांत अपेक्षित आहे. पण एका डोळ्याने अक्षरं फाटल्यासारखी किंवा दुहेरी दिसली, कालपेक्षा धूसर दिसलं, एका बाजूला सतत खुपत राहिलं, दुखणं कमी होण्याऐवजी वाढलं, किंवा बुबुळावर पांढरा ठिपका दिसला, तर सकाळची वाट बघू नका. दुखत नसलं तरी धूसरपणा वाढत असेल, तर तोही फ्लॅपखालच्या सुजेचा असू शकतो. शील्ड परत लावा आणि सर्जनच्या आपत्कालीन नंबरवर फोन करा. तो नंबर तुमच्या आणि बायकोच्या, दोन्ही मोबाइलमध्ये शुक्रवारीच घालून ठेवा. फोन लागला नाही तर सायन हॉस्पिटलची कॅज्युअल्टी (तातडीचा विभाग) गाठा. पापुद्रा सरकलेलाच असेल, तर काही तासांत तो उचलून, धुऊन परत नीट बसवता येतो. दोन-चार दिवस गेले की त्याच्या घड्या तशाच पक्क्या होतात.