कोर्टाचं टेबल मिळालंय ना, मग हे वाच

अगं, तुझा मेसेज वाचला. नगरपरिषदेत जॉइन झालीस आणि पहिल्याच आठवड्यात कोर्टाचं टेबल, म्हणजे नगरपरिषदेच्या कोर्टकेसेस सांभाळायचं काम, गळ्यात पडलं म्हणून रडकुंडीला आलीयेस, तर हे टेबल कुणालाच नको असतं गं, म्हणून तर नव्याला देतात, मलाही तसंच दिलं होतं.

आधी कपाट उघड आणि एकेका दाव्यात आपलं वकीलपत्र खरंच दाखल आहे का ते बघ. कारण गंमत काय होते, नगरपरिषदेने नेमलेल्या पॅनलवर पाच-पाच वकील असतात आणि ऐन तारखेला नगरपरिषदेतर्फे उभं राहायला कुणीच नसतं.

माझ्या वेळी एका ठेकेदाराच्या वसुलीच्या दाव्यात हेच झालं. वकीलसाहेबांची दोन वर्षांची बिलं लेखा विभागात शंका काढून पडलेली, त्यात कागदपत्रं मागून मागून ते थकले आणि शेवटी कोर्टात 'नो इन्स्ट्रक्शन'ची पुरशिस, म्हणजे 'पक्षकाराकडून मला सूचना नाहीत' असं लेखी निवेदन, देऊन मोकळे झाले, मग कोर्टाने आपल्याला नोटीस काढली, ती आवकमधून बांधकामकडे गेली, बांधकामने लेखाकडे ढकलली आणि तिकडे एकतर्फी हुकूमनामा, म्हणजे आपली बाजू न ऐकताच निकाल, झाला. आम्हाला कळलं कधी, तर बेलिफ जप्तीचं वॉरंट घेऊन दारात आला तेव्हा! सगळे वकिलाला शिव्या घालत होते, पण बिल अडवलं कुणी? आपणच ना.

मुदती मात्र पाठ कर. समन्स मिळाल्यापासून कैफियतीला (दाव्याला आपलं लेखी उत्तर) 30 दिवस, कोर्टाने सवलत दिली तर 90 पर्यंत. एकतर्फी हुकूमनामा रद्द करून घ्यायचा अर्जही 30 दिवसांत. 'साहेब, फाईल सहीला होती' हे कारण आता चालत नाही, 2012 मध्ये सुप्रीम कोर्टाने पोस्ट खात्याचा 427 दिवसांचा उशीर माफ केला नाही, सरकारी खात्यांना वेगळी मुदत नाही असं स्पष्टच सांगितलं. आणि दंड-व्याज काय साहेबांच्या खिशातून जातं का, लोकांच्या घरपट्टीतूनच जातं.

वकील बदलायचा असला तरी जुन्यांचं वकीलपत्र कोर्टाच्या परवानगीशिवाय निघत नाही, म्हणून त्यांची एनओसी घे, नव्यांचं वकीलपत्र दाखल झालेलं स्वतःच्या डोळ्यांनी बघ आणि मगच पुढचं. (निवडून आलेली बॉडी बदलली की पॅनल बदलतं, सगळा घोळ तेव्हाच होतो बघ.)

अतिक्रमणाच्या नोटिसा निघाल्या की त्याच दिवशी कॅव्हेट, म्हणजे 'आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका' असा कोर्टातला अर्ज, टाकायला सांग, 90 दिवस चालतं, नाहीतर समोरचा सकाळीच स्टे घेऊन येतो.

पॅरावाईज अभिप्राय, म्हणजे दाव्यातल्या एकेका परिच्छेदावर खात्याचं उत्तर, द्यायला इंजिनिअर लोक टाळाटाळ करतील. पत्र नको पाठवूस, त्यांच्या टेबलासमोर खुर्ची ओढून बस. आणि ई-कोर्ट्सच्या ॲपवर सगळे सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा ओळख क्रमांक) आजच टाक, सोमवारी बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या यादीत, आपलं काही निघालं तर मला रात्री फोन कर, मी जागाच असतो.